नावाला लागणारी जागा

देवमन वानखडेला नवा माणूस भेटला की तो आधी नाव विचारी आणि मग क्षणभर गप्प होई. समोरच्याला वाटे, हा नावावरून आपली जात हुडकतो आहे. अकोल्यात त्या काळी तसं वाटण्यात कोणाची चूक नव्हती. पण देवमन बिचारा ते नाव मनातल्या मनात कागदावर मांडून पाहत असे. पुण्याहून बदलून आलेल्या नव्या साहेबांनी पहिल्या दिवशी आपलं नाव सांगितलं, केशवराव भिडे, तेव्हाही त्याने तेच केलं. 'के'ची मात्रा वर जाणार. 'श' अंग पसरणार. 'व' दोनदा आहे, पण तो आटोपशीर. 'भि' जरा आडमुठा.

"बसते," तो समाधानाने म्हणाला.

"नको, मी उभाच बरा आहे," साहेब म्हणाले.

देवमनने खुलासा केला नाही. खुलासा केला की माणूस आणखी एक पाऊल मागे सरकतो, असा त्याचा अनुभव होता.

अमरावती आणि अकोला या दोन जिल्ह्यांच्या शेतीचे आकडे ज्या एका लहानशा कचेरीत गोळा होत, तिथे तो ट्रेसर होता. ट्रेसर म्हणजे दुसऱ्याने काढलेली रेघ पुन्हा काढणारा. आपल्या हुद्द्याची ही व्याख्या त्याने स्वतःच केली होती, आणि लग्न ठरताना ती सांगून होणाऱ्या सासऱ्यांना काळजीत टाकलं होतं. कापूस किती, ज्वारी किती, पाऊस किती, हे आकडे वरून येत. त्यांचे लांब-आखूड पट्टे काढायचे, पट्ट्यांना रंग द्यायचा आणि शेजारी गावाचं किंवा तालुक्याचं नाव लिहायचं, एवढं काम.

इंग्रजी होतं तोवर हे काम सोपं होतं. अक्षरं कोरलेली एक पट्टी कचेरीत होती. ती कागदावर ठेवायची आणि तिच्या भोकांतून शाईचा टाक फिरवायचा. ती अक्षरं पलटणीतल्या शिपायांसारखी. सगळी जवळजवळ एकाच अंगाची. नावात अक्षरं किती ते मोजलं की जागा किती लागेल ते कळलं. साठ साली मराठी राज्य झालं आणि तक्त्यांवरची नावं मराठीत लिहावी असा हुकूम आला. देवमनला मनापासून आनंद झाला. तो आनंद पहिला तक्ता काढेपर्यंत टिकला.

तो पावसाचा तक्ता होता. रंग सुकले, रेघा जुळल्या आणि शेवटी नावं लिहायची वेळ आली. 'वलगाव' झकास बसलं. 'रिद्धपूर' बसलं, पण त्याचा खालचा उकार शेजारच्या पट्ट्यात पाय सोडून बसला. 'चांदूर बाजार' लिहिताना मात्र कागदच संपला. देवमनने शेवटची दोन अक्षरं काठाकाठाने खाली उतरवली, विहिरीत दोर सोडावा तशी.

हेड ड्राफ्ट्समन जानराव ढोके हिवरखेडकडचे, घरचं वावर, म्हणजे शेत, असलेले, आणि बोलायला कोणाच्या बापाला न भिणारे. त्यांनी तंबाखू मळता मळता तक्ता पाहिला.

"वानखडे, बाजार काय रस्त्यावर भरवला बे?"

सगळी कचेरी हसली. देवमनही हसला. पण घरी जाताना त्याला एक विचार सुचला, आणि सुचलेल्या विचारावर विश्वास ठेवण्याची खोड त्याला लहानपणापासून होती. मराठी अक्षरं एका अंगाची नाहीत, हे खरं. ती लग्नाला निघालेल्या गावासारखी आहेत, कोणी गाडीत, कोणी पायी, कोणी दुसऱ्याच्या खांद्यावर. पण प्रत्येकाचं अंग मोजता तर येईल?

त्याने मोजलं. एकेक अक्षर पुन्हा पुन्हा लिहायचं, पट्टी लावायची आणि सरासरी काढायची. 'र' हा 'म'च्या निम्म्या जागेत राहतो, 'ख' दोघांची जागा एकटा अडवतो आणि 'ज्ञ' जहागीरदारासारखा वागतो, ही ज्ञानप्राप्ती त्याला त्या हिवाळ्यात झाली. सगळी मापं त्याने एका पुठ्ठ्यावर उतरवली. त्यानंतर तक्ता आला की आधी नावं मोजायची, सगळ्यांत लांब नाव शोधायचं, तेवढी जागा कागदातून वजा करायची आणि उरेल तिच्यात आकड्यांनी गुण्यागोविंदाने राहायचं. आधी नाव, मग पट्टा.

"दुनिया आधी पोरगं पाह्यते अन मंग नाव ठेवते," जानराव म्हणाले. "आमचा वानखडे नाव ठेवून पोराची वाट पाहून राहिला."

पण नावं कागदाबाहेर जायची थांबली, हे जानरावांनाही नाकारता येईना. देवमनला मात्र आता थांबता येईना. तो दुकानांच्या पाट्या मोजू लागला. सिनेमाची भित्तिपत्रकं मोजू लागला. लग्नानंतरच्या पहिल्याच आठवड्यात, ललिता दारात तांदूळ निवडत बसली असताना, तो बराच वेळ तिच्याकडे टक लावून पाहत राहिला. तिने लाजून मान खाली घातली.

"काय पाहून राहिले असे?"

"तुह्या नावाले वाटते त्याच्याहून जास्त जागा लागते," देवमन म्हणाला. "दोन 'ल' हायेत ना."

ललिताने सूप खाली ठेवलं. "मले वाटलं, मले पाहून राहिले."

"तुलेच त पाहून राहिलो."

"नाई, नावाले पाहून राहिले. ठीक हाय. नावालेच चहा मागा."

हा किस्सा तो पुढे स्वतःच सगळ्यांना सांगे. आपण हास्यास्पद आहोत हे त्याला ठाऊक होतं. पण आपण हास्यास्पद असलो तरी आपलं माप बरोबर असतं, एवढा एक अभिमान त्याने स्वतःपाशी ठेवला होता.

तो अभिमान चौसष्ट सालच्या कापसाच्या पीकस्पर्धेत कामाला लागला.

दोन्ही जिल्ह्यांत मिळून एकरी सगळ्यांत जास्त कापूस काढणाऱ्या पाच शेतकऱ्यांची नावं त्या वर्षी जाहीर झाली. अमरावतीला शेतीचं मोठं प्रदर्शन भरणार होतं आणि तिथे या पाचांचा तक्ता लागणार होता. पहिला नंबर हिवरखेडचे खुशालराव रामजी ढोरे. पाचवा नंबर वलगावचे बुधाजी पुंजाराम वानखडे.

बुधाजी म्हणजे देवमनचा बाप.

देवमनने कचेरीत ही गोष्ट कोणाला सांगितली नाही. जानरावांनी विचारलं होतं, "हा वलगावचा बुधाजी तुहा कोन लागते?" तेव्हा तो म्हणाला होता, "वानखडे लय हायेत तिकडं." सांगितलं असतं तर तक्ता दुसऱ्याकडे गेला असता. आणि तक्ता त्यालाच काढायचा होता, कारण बाप मुद्दाम अकोल्याला येऊन गेला होता.

बुधाजी आला तो तुरीच्या शेंगांची पिशवी घेऊन. ललिताने शेंगा उकडल्या. त्या खाऊन झाल्यावर त्याने धोतराला हात पुसले आणि पोराकडे वळला.

"तक्त्यावर माहं नाव येनार म्हनतात."

"येनार हाय, बा."

"पुरं लिवजो."

"पुरंच असते."

"पुरं म्हंजे पुरं. अर्ध नाव लय झालं."

वलगावात चाळीस वर्षं त्याच्या बापाला सगळा गाव 'बुध्या' म्हणत आला होता. गावकीची कामं होती तोवर शाळकरी पोरंही त्याच नावाने हाक मारत. छप्पन साली घरातले देव गेले, मग गावकीची कामं गेली. चार एकर काळं वावर आधी मक्त्याने होतं, पुढे स्वतःचं झालं. तोंडावर लोक आता 'बुधाजी' म्हणत. पण अजून लांबून हाक आली की ती जुन्याच नावाची असे, आणि बुधाजी ऐकू न आल्यासारखं करी.

"अन दुसरी गोष्ट," बुधाजी म्हणाला. "मले वाचता येईन असं लिवजो."

दोन हिवाळे तो वलगावच्या प्रौढांच्या वर्गात जात होता. अक्षर अंगठ्याएवढं असलं तर त्याला वाचता येई. त्याहून लहान असलं की त्याला त्या मुंग्या दिसत.

"लोकं कागद दाखोतात अन सांगतात का हे तुहं नाव होय. होय म्हनतो मी. काय करतो? मले एकडाव सोताले पाहाचं हाय."

म्हणजे प्रश्न साधा होता. एक पुरं नाव अंगठ्याएवढ्या अक्षरांत लिहायचं. साधे प्रश्न देवमनला फार आवडत, कारण त्यांचं उत्तर पुठ्ठ्यावर असे.

पण साहेबांनी दिल्लीच्या कुठल्याशा प्रदर्शनाचं चित्र पाहिलेलं होतं. त्यात नावं पट्ट्यांच्या पोटात लिहिलेली होती. "तसंच करा," ते म्हणाले. "देखणं दिसतं."

देवमनने मोजून पाहिलं. खुशालरावांचा पट्टा सगळ्यांत लांब. त्यांचं नाव त्यात ऐसपैस बसलं आणि वर शेजारी एखाद्या पाहुण्याला जागा उरली. मग तो पाचव्या पट्ट्याकडे वळला. तो सगळ्यांत आखूड होता. आणि पुठ्ठ्याप्रमाणे बेरीज केली तर पाचही नावांत सगळ्यांत लांब नाव होतं बुधाजी पुंजाराम वानखडे. आपल्या घराण्याने जमीन कधी फारशी अडवली नाही, पण कागद अडवण्यात आपण पहिले आलो, असं देवमनच्या मनात आलं. त्याने पुन्हा मोजलं. पुठ्ठा आपल्या म्हणण्याला चिकटून राहिला.

"अहो, त्यात काय एवढं?" साहेब म्हणाले. "बु. पुं. वानखडे लिहा. प्रश्न मिटला."

त्या संध्याकाळी देवमन जेवणावर बसला तरी त्याचं लक्ष ताटात नव्हतं. ललिताने भाकरी वाढत विचारलं तेव्हा त्याने सगळं सांगितलं.

"मंग पट्टाच लांब करा जरासा," ती म्हणाली. "बापच हाय तुमचा."

"तो आकडा हाय, ललिता. लांब कसा करू?"

"मंग अक्षरं लहान करा."

"त्याले वाचता येत नाई लहान."

"मंग नाव अर्ध करा."

देवमनने भाकरी मोडली आणि तशीच ताटात ठेवली.

"करता येत नाई ना?" ललिता म्हणाली. "मंग नाव बाहेर काढा. आत मावत नाई त बाहेर बसवा. एवढं काय डोकं लावून राहिले."

हे देवमनलाही सुचलेलं होतं, असं तो पुढे नेहमी म्हणे. ललिता त्यावर नुसती हसे.

दुसऱ्या दिवशी त्याने साहेबांपुढे कच्चा कागद ठेवला. पाचही नावं डावीकडे एकाखाली एक, पुरी, सारख्या अक्षरांची. खाली बारीक अक्षरांत गाव. सगळ्यांत लांब नाव जिथे संपतं तिथून बोटभर जागा सोडून पाचही पट्टे सुरू. त्यामुळे सगळेच पट्टे थोडे आखडले, पण सारख्या प्रमाणात.

साहेबांनी चष्मा काढला. "वानखडे, हा तक्ता आहे की लग्नपत्रिका?"

बोलले ते जानराव.

"साहेब, राहू द्या. इकडं नाव कापलं का मानूस कापला समजतात. चौघायचं पुरं अन एकाचं अर्ध लिवलं, त लोकं कापूस पाहानार नाईत, हेच पाहातीन."

साहेबांनी चष्मा पुन्हा घातला आणि सही केली. जानराव खोलीबाहेर आल्यावर देवमनला म्हणाले, "वानखडे लय हायेत तिकडं, नाई?" आणि तंबाखूची डबी काढून निघून गेले.

जाड कागद कापडावर चिकटवून मोठा तक्ता तयार झाला. प्रदर्शनाला जाणारा ट्रक दुपारी सुटणार होता. देवमनने सकाळीच पाच पट्टे पिवळ्या रंगाने भरले. नावं आधी लिहून मग पट्टे भरणं शहाणपणाचं झालं असतं, हे कोणालाही कळतं. पण ज्याच्यापाशी पुठ्ठा आहे त्याला शहाणपणाची गरज वाटत नाही.

मग त्याने काळ्या रंगात ब्रश बुडवला आणि वरून सुरुवात केली. खुशालराव रामजी ढोरे. नाव जिथे संपायला हवं तिथेच संपलं. दुसरं, तिसरं, चौथंही. जानराव मागे उभे राहून पाहत होते. त्यांनासुद्धा टोमणा सुचला नाही.

पाचव्या नावाशी देवमन थांबला. ब्रश धुतला. पुन्हा बुडवला. मग त्याने 'बु' काढला. तो इतका गोल आला की त्यालाच आश्चर्य वाटलं. 'धा'चा काना त्याने सावकाश, श्वास धरून खाली आणला. 'जी'ची वेलांटी अशी भरदार आली, जशी त्याने आयुष्यात कधी काढली नव्हती. त्याला वाटलं, आज हात छान चालतो आहे. 'पुंजाराम' लिहिताना तो आजोबांना आठवत होता, आणि त्यांना त्याने पाहिलेलं नसल्यामुळे आठवणीला पुष्कळ जागा लागत होती. 'वा' झाला, 'न' झाला. 'ख' लिहून त्याने मान वर केली, तर समोर पट्टा होता.

जागा संपली होती आणि 'डे' राहिला होता.

तो ब्रश धरून तसाच बसला. पुठ्ठ्यावरचं एकही माप चुकलेलं नव्हतं. पण इतक्या वर्षांत त्याने मोजलेलं प्रत्येक अक्षर पगाराच्या हाताने लिहिलेलं होतं. हे नाव त्या हाताने लिहिलेलं नव्हतं. प्रत्येक अक्षर जवभर अधिक पसरलं होतं, मधली बोटभर जागाही त्यात गेली होती, आणि ती सगळी माया शेवटी येऊन 'डे'च्या बोकांडी बसली होती.

बाहेर ट्रकवाल्याने भोंगा वाजवला. देवमनने पिवळ्या पट्ट्यावरच 'डे' लिहिला. बाकी चार नावं पट्ट्यापासून सभ्य अंतरावर उभी होती. पाचव्याचं शेवटचं अक्षर सरळ आत घुसलेलं होतं.

"वानखडे," जानराव हळू आवाजात म्हणाले, "हे काय झालं बे?"

"सकाळच्या गाडीनं येतो मी अमरावतीले. साहेब पोचाच्या आधी खरडून टाकतो. शेवटचे दोन अक्षरं बारीक लिवतो."

"बारीक?"

"मंग काय करू?"

जानरावांनी तक्ता उचलायला हात लावला. आयुष्यात पहिल्यांदाच ते देवमनची चेष्टा न करता निघून गेले, आणि त्याचंच देवमनला जास्त वाईट वाटलं.

सकाळी तो खिशात दाढीचं नवं पातं आणि पिशवीत ब्रश आणि पांढऱ्या, पिवळ्या, काळ्या रंगांच्या डब्या घेऊन अमरावतीला उतरला. वाटेत बडनेऱ्याला गाडी बदलताना त्याने मनात सगळं घोकून ठेवलं होतं: 'ख' आणि 'डे' खरडायचे, डाग पांढरा-पिवळा करायचा, मग दोन्ही अक्षरं दाटीवाटीने बसवायची. बापाला त्या दोन अक्षरांच्या मुंग्या दिसतील. पण नऊ अक्षरं तरी वाचता येतील. माणसाने किती लोभ करावा.

प्रदर्शनाच्या मैदानावर तो धावतच शिरला, आणि जागच्या जागी उभा राहिला. वलगावच्या बैलगाड्या त्याच्या आधी येऊन उभ्या होत्या. तक्त्यापुढे वलगावची पंधरा-वीस माणसं गोळा झाली होती आणि त्यांच्या पुढे, धुवट धोतर नेसून, बुधाजी उभा होता. त्याचा एक हात हवेत होता. तो वाचत होता.

"बु… धा… जी."

"झालं का बुधाजी? आमाले मशीन पाहाचं हाय," मागून कोणी म्हणालं.

"थांब ना राज्या. पुं… जा… रा… म. पुंजाराम. माह्या बापाचं." त्याने मागे वळून सगळ्यांकडे पाहिलं आणि पुन्हा पुढे झाला. "वा… न… ख."

बोट हवेत थांबलं.

"वानख?" मागचा म्हणाला. "हे कोनतं नवं आडनाव काढलं सरकारनं?"

लोक हसले. देवमनने खिशातलं पातं घट्ट धरलं. बुधाजी तक्त्याच्या आणखी जवळ गेला. डोळे बारीक करून त्याने 'ख'च्या पुढे पाहिलं. मग त्याचं बोट सावकाश पांढऱ्यावरून पिवळ्यावर सरकलं.

"डे," तो म्हणाला. "हा काय. आत हाय."

त्याने वरच्या चार नावांकडे पाहिलं. मग आपल्या नावाकडे. बराच वेळ पाहिलं.

"हे पाहा लेकहो," तो गावाकडे वळून म्हणाला. "बाकीच्यायचे नावं धुऱ्यावर उभे हायेत. माहं नाव वावरात गेलं."

वलगावचे लोक पुढे सरकून पाहू लागले. खरंच तसं दिसत होतं, चार नावं शेताच्या बांधावर आणि पाचवं शेतात. मघाचा मशीनवालाही "होय बाप्पा" म्हणाला. देवमनचं मात्र तिकडे लक्ष नव्हतं, कारण गर्दीच्या मागून साहेब, जानराव आणि पहिल्या नंबराचे खुशालराव येताना दिसत होते. खुशालरावांनी जरीकाठाचा फेटा बांधला होता. ते आधी आपल्या पट्ट्यापाशी थांबले, लांबी पाहून खूश झाले, आणि मग त्यांना बुधाजीचं बोलणं ऐकू आलं. ते आपल्या नावाकडे पाहू लागले. नाव आणि पट्टा यांमध्ये चांगली दोन बोटं जागा रिकामी होती.

"साहेब," ते म्हणाले, "हे कसं काय? पाचव्या नंबराचं नाव आत अन पयल्या नंबराचं बाहेर?"

साहेबांनी तक्त्याकडे पाहिलं. मग देवमनकडे. "वानखडे, हे काय आहे?"

"चूक हाय साहेब."

"मग खोडा."

देवमनचा हात खिशात होता. पातं बोटांना लागत होतं. पाच पावलांवर बाप उभा होता, आणि त्याने अजून पोराला पाहिलं नव्हतं.

"खोडून काय होते?" खुशालराव म्हणाले. "माहंही आत लिवा. कोनं काढला तक्ता?"

"मी," देवमन म्हणाला.

"तुहं नाव काय?"

"देवमन वानखडे."

खुशालरावांनी त्याच्याकडे पाहिलं, मग तक्त्यावरच्या पाचव्या ओळीकडे. "हा बुधाजी तुहा कोन?"

जानराव मंडपाचं छत न्याहाळू लागले.

"बाप," देवमन म्हणाला.

साहेबांचा चष्मा हातात आला. आता नोकरीचं काय होतं, एवढंच देवमनच्या डोक्यात होतं. खुशालरावांनी फेटा सरळ केला.

"असं होय," ते म्हणाले. "मंग राहू द्या साहेब. याच्या पोरानं बापाचं नाव वावरात घातलं. माहं पोरगं माहं नाव सातबाऱ्यावरून काढाले बसलं हाय."

पहिल्यांदा हसले जानराव. मग वलगाव हसलं. स्वतः खुशालरावही हसले, पण सगळ्यांच्या नंतर आणि थोडं कमी. साहेबांनी चष्मा डोळ्यांवर चढवला.

"वानखडे, तुमचं ते मोजमाप किती चुकलं?"

"एक अक्षर, साहेब."

"हं." त्यांनी तक्त्याकडे पुन्हा एकदा पाहिलं. "एका अक्षराने खातं बुडत नाही. चला, पुढे ज्वारी दाखवा."

गर्दी त्यांच्यामागे ज्वारीकडे गेली. तक्त्यापुढे बापलेक दोघेच उरले. बुधाजीने पोराला आपादमस्तक पाहिलं, खिशातला हातही पाहिला, आणि काही न विचारता म्हणाला, "चाल, चहा पिऊ."

मैदानाच्या कडेला चहाची गाडी होती. बुधाजीने बशीत चहा ओतला, फुंकर घातली आणि सगळी बशी संपवून मगच तो बोलला.

"अक्षर चांगलं हाय तुहं."

"हो, बा."

"लोकायपुढं बोलाचं ते बोललो मी. पन एक सांगतो, राग नको धरू." त्याने बशी खाली ठेवली. "लिवाच्या आधी जागा मापून घेत जाय जरा. सायबाची नवकरी हाय. हरसाली खुशालराव भेटनार नाई."

पुठ्ठा, सरासरी, 'र' आणि 'म', तो हिवाळा, सगळं देवमनच्या ओठांपर्यंत आलं. त्याने चहाचा घोट घेतला.

"घेत जाईन, बा," तो म्हणाला. आणि चहाच्या गाडीवर लावलेल्या पाटीकडे त्याने त्या दिवशी चुकूनही पाहिलं नाही.